पस्तीस ताटं, एकशे बारा नावं

हॉल, भटजी, आचारी, मांडववाला आणि फुलं एवढं सगळं ठरवायला आम्हाला दोन रविवार पुरले. जुन्या मित्रमैत्रिणींपैकी कुणाला बोलवायचं याला मात्र चवथीपासून तुळशीच्या लग्नापर्यंतचा काळ लागला, आणि तरी यादी चुकलीच. लग्नाला आता तीन आठवडे झालेत. काही मैत्रिणींची लग्नं माघात-फाल्गुनात आहेत आणि त्यांचा घोळ माझ्यासारखाच चाललाय, म्हणून लिहून काढतेय. नावं लिहीत नाही. माशेल हे आमचं गोव्यातलं गाव लहान आहे.

आधी हिशेब. देवळाच्या हॉलात दोन पंगतींत चारशे ताटं बसतात. दीडशे सासरची, म्हणजे पेडण्याहून दोन बस भरून. उरलेल्या अडीचशेत नातेवाईक १७०, आमच्या वाड्यावरचे ४५, आणि माझ्या वाट्याला ३५. ताटाचा भाव ४२० रुपये. हॉल जानेवारीतच धरला होता, कारण तुळशीचं लग्न झाल्यावरचे रविवार आमच्याकडे वर्षभर आधी जातात. मुहूर्त ३० नोव्हेंबर, दुपारी बारा वाजून सात मिनिटं.

पस्तीस हा आकडा ऐकून मी म्हटलं होतं, पुष्कळ झाले.

चवथीच्या दोन दिवस आधी गणपतीच्या वर फळं-फुलं बांधायची माटोळीची चौकट काढायला माळ्यावर चढले तर मागे अल्बमांचा खोका. शाळेच्या स्नेहसंमेलनाचे फोटो, देवळातल्या उत्सवी नाटकांचे, फर्मागुडीच्या इंजिनिअरिंग कॉलेजचे, पणजीतल्या पहिल्या नोकरीतले. गणपती पाच दिवस घरात असतो आणि दुपारी भजनाची मंडळी गेल्यावर काही काम नसतं. मी एकेक फोटो बघत नावं लिहीत गेले. विसर्जनाच्या दिवशी मोजली, एकशे बारा. होणाऱ्या नवऱ्याने त्याची यादी दहा मिनिटांत केली होती. एकोणीस नावं, सगळी फुटबॉलची. मला त्याचा रागच आला.

दुसरी गोष्ट आईने लक्षात आणून दिली. पस्तीस माणसं नव्हेत, पस्तीस ताटं. आपल्याकडे लग्न झालेल्या मैत्रिणीला एकटीला बोलवत नाहीत. नवरा आला, मुलं आली, कुणाची सासू घरात असली तर तिला वगळून कसं चालेल? म्हणजे पस्तीस ताटांत जेमतेम बारा-चौदा नावं बसणार. यादी करताना पहिल्या दिवसापासून नावापुढे ताटांचा आकडा लिहा. मी तो लिहिला नव्हता म्हणून महिनाभर चुकीच्या आकड्याशी भांडत बसले.

सप्टेंबर कापाकापीत गेला. आधी मी ठरवलं, गेल्या वर्षभरात ज्यांच्याशी बोलणं झालं तेवढेच. नऊ नावं उरली, त्यातली सहा आताच्या ऑफिसातली. जुनं असं त्यात कुणी नव्हतंच. मग आईने तिची आहेराची वही काढली. कुणी आपल्याला बोलावलं, आपण कोण गेलो, काय दिलं, सगळं १९९४ पासून लिहिलेलं. तिचं म्हणणं, ज्यांनी बोलावलं त्यांना बोलव, विषय संपला. पण वहीत असंही निघालं की सात मैत्रिणींच्या लग्नाला मी गेलेच नव्हते. ‘रजा मिळाली नाही’ हे मी प्रत्येकीला सांगितलं असणार. आणि २०२०-२१ मध्ये ज्यांची लग्नं पन्नास माणसांत उरकली, त्यांनी कुणालाच बोलावलं नव्हतं. त्यांचं काय करायचं? वही बंद केली.

उत्तर निघालं ते कंटाळ्यातून. दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी पत्रिका छापायला द्यायच्या होत्या (तीनशे प्रती, एकीला सव्वीस रुपये) आणि आई कुठल्या दिवशी कुठल्या बाजूला जायचं ते मांडत होती. मी नाव वाचायचे, ती विचारायची, “हिचं घर कुठे?” आपल्याकडे घराचा नंबर कुणाला माहीत नसतो. पिंपळापाशी वळायचं, मग व्हाळ म्हणजे ओढा, मग तुळशीवृंदावन दिसेल ते घर. काही नावांना मी असं घडाघडा सांगत होते. काहींना गाव तेवढं माहीत होतं, बाकीच्यांना काहीच नाही. फोन करून पत्ता विचारता आला असता, पण आईचा प्रश्न ऐकून मला एकदम कळलं की ज्या घरी मी कधी गेले नाही आणि जी माझ्या घरी कधी आली नाही, ती माझ्याबरोबर फोटोत होती, इतकंच. एकशे बारातून सत्तावीस नावं उरली. ताटं मोजून, जी स्वतःच येऊ शकणार नव्हती ती वगळून, सोळा नावं आणि एकेचाळीस ताटं. आईने तिच्या भजनी मंडळातली सहा ताटं मला दिली. त्या बायकांना सत्यनारायणाला बोलवू म्हणाली. हे तिला सोपं गेलं नाही.

मस्कत, कुवेत, लंडनला असलेल्या चौघांना व्हिडिओ कॉल केला. त्यांच्या घरांच्या वाटा मला माहीत होत्या, त्या वाटांवर आता त्यांचे आईवडीलच असतात. तिथे पत्रिका दिली.

आता कागदपत्रांचं. गोव्याबाहेरच्यांना हे सांगितलं की ते हसतात, पण आमच्याकडे कायद्याने लग्न देवळात लागत नाही. सिव्हिल रजिस्ट्रारकडे दोन वेळा सह्या कराव्या लागतात. पहिल्या सहीने आम्ही लग्न करू इच्छितो असं कळवायचं, मग नोटीस लागते, कुणाला हरकत घ्यायची तर घ्यावी, आणि मुदत झाल्यावर दुसरी सही. ती झाली की कायद्याने नवराबायको, मंगळसूत्र नंतर. जन्मदाखला, पंचायतीचा रहिवासी दाखला, आधार, फोटो आणि दोन साक्षीदार. रहिवासी दाखल्याला मला आठ दिवस लागले, कारण जन्मदाखल्यावर आईच्या नावात इंग्रजी ‘ए’ एक आहे आणि आधारावर दोन. ही तपासणी दोन महिने आधी करा. मी आठवडाभर आधी केली.

साक्षीदार कोण, हाही मैत्रीचाच प्रश्न निघाला. कामाच्या दिवशी दोनदा अर्धी रजा टाकून, सरकारी बाकावर बसायला कोण येईल? एकशे बारांपैकी चारजणांना विचारायची मला हिंमत झाली असती. मी एकीलाच विचारलं, दिवाडी बेटावरची. अकरावी-बारावीला मी माशेलहून पणजीच्या बसमध्ये बसायचे, ती फेरीबोटीतून उतरून जुने गोवेला चढायची. दोन वर्षं मी तिच्यासाठी दप्तर ठेवून सीट धरली आणि रोज कुणीतरी त्यावरून भांडलं. “किती वाजता?” एवढंच तिने विचारलं.

१३ ऑक्टोबर, सोमवार, पहिली सही. दहाला पोचलो, दीडला नंबर लागला. पाण्याची बाटली घेऊन जा. मूळ कागद आणि प्रत्येकाच्या तीन झेरॉक्स न्या, नाहीतर खाली रांगेत उभं राहावं लागतं आणि वर नंबर जातो. बसल्या बसल्या शेजारच्या वकिलांनी विचारलं, करार केलाय का? १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेनुसार आधी करार केला नसेल तर लग्नानंतर दोघांची मालमत्ता सामायिक होते, आणि तो करार लग्नाआधीच नोंदवावा लागतो, मागून करता येत नाही. आम्ही एकमेकांकडे बघितलं. त्याच्याकडे एक बुलेट, माझ्याकडे एक स्कूटर. करार केला नाही. पण ज्यांच्या घरी कुळागर (पोफळीची बाग), दुकान असं काही आहे त्यांनी हे वेळेत विचारून घ्यावं.

आणि मग ती नोटीस. कार्यालयाबाहेरच्या फलकावर आमची नावं, आईवडिलांची नावं, गावं, सगळं लागलं. मी याचा विचारच केला नव्हता. तिसऱ्या दिवशी शाळेतला एकजण जमिनीच्या कामासाठी तिथे गेला, फलकाचा फोटो काढला आणि दहावीच्या ग्रुपवर टाकला. एकसष्ट माणसं. “अगं सांगितलं नाहीस!” “तारीख कधी?” “मासे आहेत की देवळातलं शाकाहारी?” दिवाळीच्या तोंडावर, नरकासुराचे पुतळे करायच्या धांदलीतही लोकांना वेळ होता. एकसष्टांपैकी माझ्या यादीत पाच होते.

आई म्हणाली होती, ग्रुपवर पत्रिका टाकणं म्हणजे देवळाच्या दारावर चिकटवून येणं. सगळ्यांना बोलावलं आणि कुणालाच नाही. इथे ती चिकटवली सरकारने. दोन रात्री मी उत्तरच दिलं नाही, आणि ते अधिक वाईट दिसलं. शेवटी लिहिलं ते असं. “सगळ्यांचे मनापासून आभार. लग्न देवळाच्या हॉलात आहे, ताटं मोजकी आहेत, त्यामुळे सगळ्यांना बोलावता येणार नाही. वाईट वाटतंय. १४ डिसेंबरला संध्याकाळी पाचला आमच्या अंगणात या, चहा आणि भजी.” लपवाछपवी न करता सांगितलं तर लोक समजून घेतात. सगळे नाही, दोघं ग्रुप सोडून गेले. एकाशी मी शाळेतसुद्धा कधी बोलले नव्हते, पण तोच डोक्यातून जाईना. थोडक्यात, पहिल्या सहीला जायच्या आधी मित्रांची यादी पक्की करा आणि ज्यांना बोलवणार आहात त्यांच्या कानावर घालून ठेवा. फलक कुणाची वाट बघत नाही.

तुळशीचं लग्न २ नोव्हेंबरला झालं, दुसऱ्या दिवशी दुसरी सही. या वेळी चाळीस मिनिटांत सुटलो. दिवाडीची म्हणाली, झालं लग्न, आता मला चहा पाज.

पत्रिकांना हळदकुंकू लावून पहिली देवकी-कृष्णाच्या पायाशी, दुसरी कुलदेवतेला, मग नातेवाईक. मित्रमंडळींसाठी मी ५ ते २३ नोव्हेंबरच्या संध्याकाळी ठेवल्या. एका संध्याकाळी चारच्या वर घरं होत नाहीत, कारण प्रत्येक घरी चहा. तिसऱ्या घरी फक्त पाणी मागा. २४ तारखेपासून जुने गोवेत नोव्हेना, म्हणजे चर्चमधल्या नऊ दिवसांच्या प्रार्थना असतात, ३ डिसेंबरच्या सेंट झेवियरच्या फेस्तापर्यंत त्या रस्त्याला गर्दी, तेव्हा पणजी-दिवाडीच्या बाजूची घरं मी आधी उरकली. दिवाडीला फेरीवरून गेले, पियेदादच्या चर्चची टेकडी दिसली आणि वाट पायांनाच आठवली. ती म्हणाली, पहाटेची नोव्हेना आटोपून येईन, झोप आली तर सांभाळून घे.

कॉलेजातल्या एका मैत्रिणीने पत्रिका गेटवरच घेतली. आत ये म्हणाली नाही. तिच्या घरी मी परीक्षेच्या दिवसांत आठवडा आठवडा राहिले होते. बरं.

सगळ्यात जास्त भीती वाटत होती ती बाकावरच्या मैत्रिणीची. पहिली ते सातवी आम्ही एका बाकावर. नऊ वर्षांत बोलणं नाही. भांडण नव्हतं, राहून गेलं. सावई-वेऱ्याच्या वाटेला कुळागरात घर. न कळवता गेले. काकी पोफळींच्या झावळ्या ओढत होत्या. “तू गो? ये, बस.” चहा झाला, बागेतली केळी झाली. मी पिशवीत हात घालून पाकीट काढणार, तेवढ्यात त्या म्हणाल्या, “ती आता इथेच असते. म्हापशाला कामाला जाते. लग्नांना नाही जात कुठे, तीन वर्षं झाली.” पाकिटावर मी आदल्या रात्री सुवाच्य अक्षरात लिहिलं होतं, श्री. व सौ. पाकीट पिशवीतच ठेवलं, चाचपडत आतली पत्रिका बाहेर काढली आणि हातात दिली. काकींनी ती देवापुढे ठेवली. त्यांनी पाहिलं की नाही, मला माहीत नाही.

तुम्ही कोरी पाकिटं आणि पेन घेऊन जा. नाव तिथे बसून, विचारून लिहा.

रात्री तिचा निरोप आला, “आई म्हणाली वाट न विचारता आलीस. मी येणार नाही, रागावू नकोस.” लग्नानंतरच्या गुरुवारी ती आमच्या सासरी पेडण्याला आली, केळ्यांचा घड घेऊन. दोन तास स्वयंपाकघरात बसली. फार काही बोललो नाही. सासूबाई तिला जेवूनच जा म्हणाल्या आणि ती राहिली.

लग्नाच्या दिवसाचं सांगण्यासारखं फारसं नाही, मला स्वतःलाच तुकड्यातुकड्यांत आठवतो. एकेचाळीसपैकी तेहतीस ताटं आली. खतखतं आणि मुगागाठीची वाहवा झाली, मासे नाहीत म्हणून फुटबॉलवाल्यांनी तोंडं केली आणि मणगणं, म्हणजे चणाडाळीची खीर, तीनदा मागून घेतलं. शाळेच्या ग्रुपवरचे पाचजण न बोलावता आले. “राहवलं नाही,” म्हणाले. मी घाबरून आचाऱ्यांकडे बघितलं तर ते म्हणाले, “बाय, मी नेहमीच चाळीस ताटं जास्त धरतो.” म्हणजे सप्टेंबर महिना मी उगाच रक्त आटवलं. आचाऱ्यांना आधी विचारा.

१४ डिसेंबरच्या भज्यांना एकसष्टांतले नऊजण आले. ग्रुप सोडून गेलेल्यांपैकी एक त्यात होता, सगळ्यात जास्त भजी त्याने खाल्ली.

आता चुकीचं.

१० डिसेंबरला माहेरी आले होते, बाजारात दादा भेटले. सोळाव्या वर्षापासून बाविसाव्यापर्यंत मी देवळातल्या उत्सवी नाटकांत कामं केली, आणि ती सहा वर्षं दादा प्रॉम्प्टर होते. विंगेत, स्टुलावर, हातात वही आणि बारीक टॉर्च. माझी दोन वाक्यं गेली की तिसरं त्यांच्याकडून यायचं, आणि ते अशा आवाजात की पहिल्या रांगेतही ऐकू जाऊ नये. एकदा मी पूर्ण प्रवेशच विसरले होते आणि त्यांनी तो मला शब्दाशब्दाने ओलांडून नेला. लोकांनी माझ्या संथ लयीचं कौतुक केलं.

दादांनी पिशवी दुसऱ्या हातात घेतली, हसले आणि म्हणाले, “मणगणं छान झालं होतं म्हणे.”

त्या ‘म्हणे’ने माझे पाय जमिनीला चिकटले. ते पुढे भोपळ्याचा भाव विचारायला गेलेसुद्धा.

घरी येऊन खोका उघडला. नाटकांचे सगळे फोटो बघितले, पडदा पडल्यावरचे, मेकअपचे, बक्षिसाचे. दादा एकाही फोटोत नाहीत. विंगेत कोण फोटो काढतं? मी यादी फोटोंवरून केली होती. आणि फोटोत असते तरी माझ्या दुसऱ्या चाळणीतून ते खाली पडलेच असते, कारण त्यांचं घर मला माहीत नव्हतं. तालीम रात्री अकराला संपायची आणि दादा आम्हा पाच मुलींना टॉर्च घेऊन एकेकीच्या दारापर्यंत सोडायचे. माझं घर चौथं. आमच्या सगळ्यांची घरं त्यांना माहीत होती. त्यांना घरी कोण सोडणार?

गेल्या शुक्रवारी, १९ तारखेला, आम्ही दोघं लाडूंचा डबा घेऊन निघालो. बाजारात तिघांना विचारलं, तिघांनी तीन वाटा सांगितल्या. चौथा एक मुलगा सायकलवरून पुढे होऊन दाखवायला आला. आमच्या वाड्याच्या बरोबर उलट्या दिशेला, शेतं ओलांडून, शेवटचं घर. मी अंतर मोजत होते, ते मलाच नको होतं.

दार वहिनींनी उघडलं. दादा घरी नव्हते. जत्रेच्या नाटकाची तालीम आहे, म्हणाल्या, नवीन मुली आहेत या वर्षी, पाठांतर नाही त्यांचं. कधी येतील असं विचारलं.

“अकराला संपते. पण सगळ्यांना पोचवून यायला बारा तरी वाजतात.”

साडेआठ झाले होते. वहिनींनी बाकावरचे कपडे उचलले, आणि आम्ही बसलो.